अणुकचरा सूर्यात का टाकत नाहीत?

या महिन्यात पत्रं बरीच आली आणि विषय जवळपास एकच. दोष माझा. मागच्या अंकात अणुभट्टीत वीज कशी तयार होते ते लिहिलं आणि शेवटी "कचऱ्याबद्दल पुढे कधीतरी" म्हणून अंग काढून घेतलं. पालघर जिल्ह्यातल्या शाळेत तेहतीस वर्षं विज्ञान शिकवलं, तेव्हा पोरंही हेच करायची. बाई "पुढे कधीतरी" म्हणाल्या की दुसऱ्या दिवशी पहिल्याच तासाला चार हात वर. म्हणून आजचं सगळं सदर कचऱ्याला.

"बाई, आमचं गाव राजापूर तालुक्यात, जैतापूरच्या नियोजित प्रकल्पापासून फार लांब नाही. गणपतीत सगळे घरी जमतात, आरती झाली की हा विषय निघतोच. यंदा पुण्याचा भाचा म्हणाला, 'मामा, आता रॉकेट परत येऊन उभं राहतं, खर्च उतरलाय. सगळा अणुकचरा भरा आणि सूर्यात सोडून द्या. सूर्य स्वतःच एवढी मोठी अणुभट्टी, त्याला काय होणार?' मला उत्तर देता आलं नाही. त्याचं चुकतंय कुठे? की चुकतच नाही?"
— एक वाचक, ता. राजापूर

भाच्याचं शेवटचं वाक्य अगदी बरोबर आहे, ते आधी मान्य करून टाकते. सूर्याला काही होणार नाही. आपल्या पृथ्वीसारख्या तीन लाख तेहतीस हजार पृथ्व्या एका पारड्यात टाकल्या तर कुठे सूर्याचं वजन भरतं. तिथे आपल्या कचऱ्याची काय कथा! अडचण सूर्याच्या दारात नाही, आपल्याच उंबरठ्यावर आहे.

पण त्याआधी एक गंमत. सूर्यात एखादी वस्तू "सोडून देणं" हे वाटतं तितकं सोपं नाही. लोकांना वाटतं, सूर्य एवढा मोठा, एवढा ओढणारा, पृथ्वीच्या बाहेर नेऊन हात सोडला की झालं. मी बोईसरहून विरारला आणि पुढे चर्चगेटला पुष्कळ वर्षं ये-जा केली आहे, त्यावरून सांगते. लोकल पूर्ण थांबायच्या आत उतरणारी माणसं तुम्ही पाहिली असतील. ती फलाटावर पाय टेकतात आणि गाडीच्याच दिशेला चार-सहा पावलं धावत जातात. गाडी सुटली तरी गाडीचा वेग अंगातून सुटत नाही. आपलीही तीच गत आहे. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने पळते आहे, म्हणजे विरार ते चर्चगेट दोन सेकंदांत. पृथ्वीवरून निघालेल्या प्रत्येक वस्तूच्या अंगात तो वेग असतो. तिला बाहेर नेऊन सोडली तर ती सूर्याकडे पडत नाही, पृथ्वीसारखीच सूर्याभोवती फिरत बसते. तिला सूर्यात पाडायची तर तो ३० किलोमीटरचा वेग जवळजवळ सगळा मारावा लागतो. उलट तिला सूर्यमालेच्या बाहेर कायमची घालवायची तर त्याच वेगात आणखी बारा-साडेबारा किलोमीटरची भर पुरते. म्हणजे शेजारच्या सूर्यापेक्षा पार अनंतात फेकणं स्वस्त! हे वर्गात सांगितलं की हमखास कोणीतरी म्हणायचं, "बाई, चुकलं तुमचं."

चुकलेलं नाही. नासाचं पार्कर नावाचं यान १२ ऑगस्ट २०१८ ला सूर्याच्या जवळ जायला निघालं. वजन ६८५ किलो, म्हणजे एखाद्या लहान मोटारीएवढं. त्यासाठी त्या काळातलं अत्यंत ताकदवान रॉकेट वापरलं आणि तरीही ते थेट पोचलं नाही. सहा वर्षांत सात वेळा शुक्राजवळून जाऊन त्याने आपला वेग थोडा-थोडा कमी करून घेतला, तेव्हा कुठे २४ डिसेंबर २०२४ रोजी ते सूर्याच्या पृष्ठभागापासून ६१ लाख किलोमीटरवर आलं. सूर्यात पडलं नाही, जवळून गेलं फक्त. एका मोटारीएवढ्या यानाची ही तऱ्हा.

आता भाच्यावर अन्याय नको. त्याची कल्पना वेडगळ नाही. १९७० च्या दशकात आणि १९८० च्या सुरुवातीला नासाने हाच अभ्यास गंभीरपणे केला होता. हिशेब करणाऱ्यांनी सूर्य सोडून दिला (कारण वर सांगितलंच) आणि एक मधली जागा काढली. पृथ्वी आणि शुक्र यांच्या कक्षांच्या मध्ये, पृथ्वी-सूर्य अंतराच्या ०.८५ पट अंतरावर, सूर्याभोवती फिरणारी एक वर्तुळाकार कक्षा. तिथे सोडलेली पेटी फार फार काळ पृथ्वीच्या वाटेला येणार नाही. तिथवर नेण्याची सुरुवात स्पेस शटलने करायची होती. अमेरिकेच्या ऊर्जा खात्याने १९८० मध्ये सगळे पर्याय शेजारी-शेजारी मांडले. त्यात अवकाश होतं, समुद्रतळाखालची माती होती, बर्फाचे थर होते, अतिखोल विहिरी होत्या. त्यांनी कौल दिला तो खोल खडकातल्या खाणीसारख्या जागेला. पुढे २८ जानेवारी १९८६ ला चॅलेंजर शटल उड्डाणानंतर ७३ सेकंदांत सात माणसांसह तुटून पडलं. मी तेव्हा नोकरीला नवीन होते. दुसऱ्या दिवशी शाळेत पोरांनी शिक्षिकेबद्दलच विचारलं, कारण त्या सातांत एक शाळेतली बाई होती. मला त्या दिवशी अणुकचऱ्याचा विचारही आला नाही. आज येतो, की त्या शटलच्या पोटात ती पेटी असती तर?

खर्चाचं गणित मी करत बसत नाही. भाचा म्हणतो तसा खर्च उतरतोय आणि उद्या आणखी उतरेल. तो शून्य धरू. रॉकेट फुकट. तरीही वजनाचं काय?

जगात आजवर अणुभट्ट्यांतून निघालेलं वापरलेलं इंधन सुमारे चार लाख टन आहे आणि दरवर्षी आणखी दहा हजार टनांच्या आसपास भर पडते. आपण जुनं सगळं माफ करू, फक्त यापुढचं दरवर्षीचं पाठवू. हे इंधन उघडं नेता येत नाही, जवळ उभा राहणारा माणूस जगणार नाही. ते नेण्याची जाड धातूची पिंपं असतात. दहा टन इंधनाला पिंप शंभर टनांच्या वरचं. म्हणजे पिशवीपेक्षा भाजी हलकी. अवकाशासाठी पिंप खूप हलकं करता येईल असंही धरू. पण वर काही बिघडलं तर ते आगीतून, पडण्यातून, समुद्रात आपटण्यातून धड राहायला हवं, म्हणजे अगदी पत्र्याचा डबा चालणार नाही. आपलं चांद्रयान-३ घेऊन गेलेलं रॉकेट उभं राहिलं तेव्हा ६४० टनांचं होतं आणि त्याने नेलेलं वजन ३.९ टन. बाकी सगळं इंधन आणि इंधनाची भांडी. मी उदार होऊन म्हणते, एका उड्डाणात एक टन कचरा दूरवर पोचला. तर वर्षाला दहा हजार उड्डाणं. २०२४ मध्ये साऱ्या जगाने मिळून केलेली उड्डाणं साधारण २६० होती.

आणि त्यातली सगळी यशस्वी होत नाहीत, इथे खरी मेख आहे. ज्या पीएसएलव्हीवर आपण घरच्या माणसासारखा विश्वास टाकतो, तिचं १८ मे २०२५ चं उड्डाण तिसऱ्या टप्प्यात फसलं आणि उपग्रह गेला. २५ डिसेंबर २०१० ला जीएसएलव्ही उड्डाणानंतर मिनिटाच्या आत बंगालच्या उपसागरावर फुटताना आपण दूरदर्शनवर पाहिली. हे काही आपल्याच नशिबी आहे असं नाही. सगळ्यात भरवशाची रॉकेटं घ्या, शंभरात एखादं जातंच. उपग्रह गेला तर पैसा जातो, विमा असतो, पुन्हा बांधता येतो. पण दहा हजारांत शंभरातलं एक, म्हणजे वर्षाला शंभर. दर तीन-चार दिवसांनी एक टन अणुकचरा आकाशातून खाली! मामा, हा आकडा भाच्याला आरतीनंतर सांगा, प्रसाद हातात द्यायच्या आधी.

भाचा हुशार दिसतोय, तो म्हणेल, सगळं इंधन कशाला पाठवता, त्यातला वाईट तेवढाच भाग काढून पाठवा. बरोबर आहे, नासाच्या अभ्यासातही तसंच होतं. नेहमीच्या अणुभट्टीतल्या वापरलेल्या इंधनात पंचाण्णव टक्क्यांच्या आसपास युरेनियमच असतं, एक टक्का प्लुटोनियम आणि तीन-चार टक्के खरा अंगावर येणारा कचरा. आपला देश तर वापरलेल्या इंधनाला कचरा म्हणतच नाही. त्यातलं प्लुटोनियम पुढच्या भट्ट्यांना लागणार, हे होमी भाभांनी १९५० च्या दशकातच मांडून ठेवलं होतं. म्हणून ट्रॉम्बे, तारापूर आणि कल्पाक्कम इथे ते विरघळवून वेगळं केलं जातं. त्यातून उरणारं जे अति-किरणोत्सारी द्रव, ते काचेत मिसळतात. बोरोसिलिकेट काच, तीच आपली प्रयोगशाळेतल्या चंचुपात्राची जात. हजार अंशांच्या आसपास वितळवून ती पोलादी डब्यात ओततात, डबा वेल्डिंगने बंद करतात.

तारापूरच्या लोकांनी एकदा शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात त्या काचेचा नमुना आणला होता. किरणोत्सार नसलेला, नुसता दाखवायचा. काळपट ढेकूळ, गुळाच्या ढेपेचा तुकडा वाटावा असा. पोरांनी विचारलं, "सर, हे फुटलं तर?" त्यांनी तो टेबलावर आपटला, एक कपचा उडाला. म्हणाले, "फुटलं तर दोन तुकडे. ते सांडत नाही, उडत नाही, पाण्यात साखरेसारखं विरघळत नाही."

माझं सगळं उत्तर त्या वाक्यात आहे. किरणोत्सारी पदार्थ माणसाला घातक होतो तो दोन प्रकारे. एकतर तुम्ही त्याच्या जवळ उघडे उभे राहता, किंवा तो धूळ होऊन, पाण्यात मिसळून तुमच्या पोटात-फुप्फुसात येतो. पहिल्यावर उपाय जाड भिंत. दुसऱ्यावर उपाय म्हणजे त्याला काचेत कोंडून एका जागी बसवून ठेवणं. आणि रॉकेट काय करतं? ज्याला बसवून ठेवण्यासाठी एवढा आटापिटा केला त्याला उचलून शेकडो टन पेटत्या इंधनाच्या डोक्यावर ठेवतं आणि वातावरणातून भरधाव नेतं. शेकडो-हजारो वर्षांची जोखीम कमी करायला निघालो आणि सगळी जोखीम पहिल्या दहा मिनिटांत गोळा केली.

आणखी एक. वर गेलेलं परत आणता येत नाही. त्या द्रवातून आपल्याकडे सीझियम वेगळं काढतात, त्याच्या काचेच्या कांड्या करतात आणि त्या रक्तपेढ्यांमध्ये रुग्णाला द्यायच्या रक्तावर मारा करायला वापरतात. रुथेनियम डोळ्याच्या कर्करोगावर वापरतात. तीस वर्षांपूर्वी हा निव्वळ कचरा होता. आणखी तीस वर्षांनी काय निघेल ते भाच्याची पोरं बघतील.

"बाई, मी नववीत आहे. किरणोत्सारी वस्तू घेऊन जाणारं रॉकेट किंवा उपग्रह खरंच कधी पडलाय का? की ते सिनेमातच होतं?"
— एक विद्यार्थिनी, नांदेड

पडलाय बाळ, एकदा नाही, बऱ्याचदा. तुला चार गोष्टी सांगते, दोन वाईट, दोन बऱ्या.

सोव्हिएत संघाचा कॉसमॉस ९५४ नावाचा टेहळणी उपग्रह होता. त्यात सौरपट्ट्या नव्हत्या, चक्क छोटी अणुभट्टी होती. काम संपलं की भट्टीचा भाग आणखी उंच कक्षेत ढकलून द्यायचा, असं ठरलेलं. ढकलणारी यंत्रणा बिघडली. २४ जानेवारी १९७८ ला तो उपग्रह कॅनडाच्या उत्तर भागात, बर्फाळ ओसाड मुलखात तुकडे-तुकडे होऊन कोसळला. त्यातलं इंधन किती? तांदळाच्या एका पोत्याहून जास्त नाही. त्यासाठी कॅनडा आणि अमेरिकेची माणसं कडाक्याच्या थंडीत विमानांतून आणि पायी शोधत फिरली. एकूण सुमारे १ लाख २४ हजार चौरस किलोमीटर भाग धुंडाळला. नकाशा काढ आणि बघ, आपल्या महाराष्ट्राचे पाच भाग केले तर दोन भाग होतात. आणि एवढं करून हाती आलं ते त्या इंधनाचा अगदी किरकोळ अंश. कॅनडाने साठ लाख डॉलरचं बिल पाठवलं, सोव्हिएत संघाने तीस लाख दिले. ही घटना माणसं विरळ असलेल्या प्रदेशात झाली म्हणून एवढ्यावर भागलं. तिथेही तिथले मूळचे रहिवासी, डेने लोक, राहतात, शिकार करतात, तळ्यातलं पाणी पितात. त्यांना किती काळ आपलंच रान परकं वाटलं असेल, याचं बिल कोणी केलं नाही.

दुसरी त्याआधीची. एप्रिल १९६४ मध्ये अमेरिकेचा एक उपग्रह कक्षेत पोचलाच नाही. त्याच्यात सुमारे एक किलो प्लुटोनियम-२३८ होतं. हे प्लुटोनियम बॉम्बचं नव्हे, बॅटरीसारखं उष्णता देणारं. ते हिंदी महासागराच्या आकाशात उंचावर जळून धूळ झालं. ऐकून हसशील, ते तसंच ठरलेलं होतं! पडलंच तर वरच जळून विरून जावं, अशी त्या वेळची समजूत. ती धूळ जगभर पसरली, पुढची कित्येक वर्षं शास्त्रज्ञ वेगवेगळ्या खंडांतल्या मातीत ती मोजत होते. एका किलोची ही व्याप्ती.

त्यानंतर त्यांनी धोरण उलटं केलं. जळायचं नाही, पडलं तरी धड राहिलं पाहिजे. म्हणून तिसरी गोष्ट बरी आहे. मे १९६८ मध्ये कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्याजवळ एक हवामान उपग्रह रॉकेटसकट समुद्रात पडला. त्याची प्लुटोनियमची भांडी काही महिन्यांनी तळातून शाबूत निघाली, त्यातलं इंधन पुन्हा वापरलं. चौथी तुला ठाऊक असेल, अपोलो १३. चंद्रावर ठेवायचा त्यांचा प्लुटोनियमचा डबा एप्रिल १९७० मध्ये चांद्रवाहनाबरोबर पृथ्वीवर परत आला आणि प्रशांत महासागरात टोंगाच्या खंदकात गेला. तिथल्या हवेत-पाण्यात गळतीची खूण सापडली नाही.

मग तू म्हणशील, भांडं मजबूत केलं तर जमतंय की! जमतं, चार किलोंसाठी. शनीकडे गेलेल्या कॅसिनी यानात ३३ किलो प्लुटोनियम होतं, १९९७ मध्ये ते निघालं तेव्हा लोक रस्त्यावर उतरले होते. तिथे एक यान, एक उड्डाण आणि मिळणारं ज्ञान मोठं, म्हणून जोखीम घेतली. टनांवर टन घेऊन रोज ती घेणं वेगळं. आता वहीत गणित कर. शंभरात नव्याण्णव उड्डाणं यशस्वी होत असतील, तर सलग शंभर यशस्वी व्हायची शक्यता किती? शंभर वेळा ०.९९ ला ०.९९ ने गुण. उत्तर बघून मला कळव.

"सूर्य राहू द्या. चंद्रावर किंवा पृथ्वीभोवतीच उंच कक्षेत ठेवायला काय हरकत?"
— एक वाचक, सोलापूर

हरकत तीच, उड्डाणाची. ती चंद्राने कमी होत नाही. उलट चंद्रावर हळुवार उतरवायचं तर थांबायलाही इंधन लागतं, कारण तिथे पॅराशूटला धरायला हवा नाही. आपटलं तर कचरा चंद्रावर उधळेल आणि तिथे आता सगळे देश घर बांधायला निघालेत.

उंच कक्षेचा अनुभव घेऊन झालाय. कॉसमॉस ९५४ मध्ये होती तशा सोव्हिएत भट्ट्यांपैकी बऱ्याच आजही सुमारे हजार किलोमीटर उंचीवर फिरताहेत. त्या काही शतकांनी खाली येणारच आहेत. शिवाय त्यांच्यातल्या थंड करणाऱ्या वितळलेल्या धातूचे थेंब बाहेर सांडून तिथे गोट्यांसारखे फिरताहेत. ही म्हणजे माळ्यावर टाकलेली अडगळ. खालून दिसत नाही इतकंच.

"समुद्रात खोल? अंटार्क्टिकाच्या बर्फात?"
— पोस्टकार्डावर, सही नाही

समुद्रात टाकून झालं. १९४६ पासून बरेच देश पिंपं भरून टाकत होते. १९९३ मध्ये सगळ्याच किरणोत्सारी कचऱ्यावर आंतरराष्ट्रीय बंदी आली. अंटार्क्टिकावर टाकायला १९५९ च्या करारानेच मनाई आहे, आणि बर्फ वितळत असताना हा प्रश्न कोणी विचारू नये असं मला वाटतं. सही करत जा हो.

"म्हणजे तुमचं उत्तर काय, पुढच्या हजार पिढ्यांच्या उशाशी ठेवून जायचं? आम्ही दिवे लावायचे आणि त्यांनी राखण करायची? अवकाशात निदान कायमचा निकाल तरी लागतो."
— एक वाचक, चिपळूण

तुमचा राग मला आवडला. याचं उत्तर मला गुळगुळीत देता येणार नाही.

आधी "हजार पिढ्या" थोड्या फोडू. कचऱ्यातले सुरुवातीला सगळ्यात जास्त जाळणारे दोन पदार्थ म्हणजे सीझियम-१३७ आणि स्ट्रॉन्शियम-९०. दोघेही तीस वर्षांत निम्मे होतात. दहा वेळा निम्मे झाले की हजारावा भाग उरतो. शनिवारवाड्याची वास्तुशांत १७३२ ची. त्या दिवशी कोणी सीझियम पुरलं असतं तर आज त्याचा जवळजवळ हजारावा भागच उरला असता. तीनशे वर्षं एखादी गोष्ट सांभाळणं माणसाला जमतं, आपण वाडे, देवळं, दफ्तरं सांभाळली आहेतच. खरा प्रश्न मागे राहणाऱ्यांचा. प्लुटोनियम-२३९ निम्मं व्हायला २४ हजार वर्षं. अजिंठ्याची सगळ्यात जुनी लेणी बावीसशे वर्षांची आहेत. त्याला पहारेकरी पुरत नाही, तिथे दगडच हवा.

दगड भरवशाचा आहे का? याचा पुरावा मला फार आवडतो. आफ्रिकेत गॅबॉन देशात ओक्लो नावाची युरेनियमची खाण. १९७२ मध्ये तिथून आलेल्या युरेनियमची फ्रान्समध्ये तपासणी चालली होती. त्यात युरेनियम-२३५ चं (भट्टीत खर्ची पडतं ते हेच) प्रमाण जगभर ०.७२० टक्के असतं, तिथे ०.७१७ भरलं. एवढासा फरक! दुसऱ्या कोणी मोजमापाची चूक म्हणून सोडून दिला असता. त्यांनी माग काढला तेव्हा कळलं, की सुमारे दोन अब्ज वर्षांपूर्वी तिथे जमिनीतल्या पाण्याच्या जोरावर आपोआप अणुभट्ट्या पेटल्या होत्या आणि लाखो वर्षं अधूनमधून चालल्या होत्या. त्यांचा कचरा ना काचेत, ना डब्यात, नुसता खडकात. पाणी वाहत होतं, तरी प्लुटोनियम जिथे तयार झालं तिथेच बसून संपलं, बाकीचाही बराचसा कचरा फार लांब गेला नाही.

त्याच भरवशावर फिनलंडमध्ये ओल्किलुओतो बेटावर, जवळपास १९० कोटी वर्षं जुन्या (म्हणजे १.९ अब्ज, शून्यं मोजायचा कंटाळा करू नका) खडकात ४०० मीटरहून खोल बोगदे खणलेत. नाव ओन्कालो. वापरलेलं इंधन लोखंडी गाभ्याच्या तांब्याच्या नळकांड्यात, तांब्याची जाडी पाच सेंटिमीटर. भोवती बेंटोनाइट माती, जी पाणी लागलं की फुगते आणि वाट बुजवते. २०२४ मध्ये तिथे खऱ्या इंधनाशिवाय रंगीत तालीम सुरू झाली. मला त्यातली गोष्ट पटते ती ही, की भरून झालं, बोगदा बुजवला, की तिथे राखणदार लागत नाही. तुमच्या "त्यांनी राखण करायची" या बोचऱ्या शब्दांना हे उत्तर आहे.

सगळं आलबेल आहे असं मात्र म्हणणार नाही. अमेरिकेत न्यू मेक्सिकोत मिठाच्या थरात, साडेसहाशे मीटर खोल, लष्करी कचऱ्याची जागा १९९९ पासून आहे. फेब्रुवारी २०१४ मध्ये तिथलं एक पिंप आतल्या आत तापून फुटलं. कारण ऐकाल तर डोक्याला हात लावाल. कचऱ्यातलं द्रव शोषायला पाळीव मांजरासाठी मिळणारी माती वापरत. कोणीतरी मातीच्या ऐवजी धान्यापासून केलेली 'सेंद्रिय' आणली आणि तिची कचऱ्यातल्या नायट्रेटशी जुंपली. जागा जवळजवळ तीन वर्षं बंद राहिली. म्हणजे दोन अब्ज वर्षं टिकणारा दगड आणि एका खरेदीच्या चुकीने बंद पडलेला बोगदा, दोन्ही खरे. पण फरक बघा, ते पिंप जमिनीच्या साडेसहाशे मीटर खाली फुटलं. तीच चूक रॉकेटच्या टोकाला झाली असती तर?

आपल्याकडे अशी कायमची जागा अजून नाही. कोलारच्या सोन्याच्या खाणीत, वापरात नसलेल्या भागात सुमारे हजार मीटर खोल, खडक तापवला तर कसा वागतो याचे प्रयोग आपल्या शास्त्रज्ञांनी केले होते. काचेचे डबे सध्या तारापूरसारख्या ठिकाणी जाड काँक्रीटच्या तळघरात ठेवतात. थंड करायला पंखेही लागत नाहीत. डबे स्वतःच गरम, त्यांच्याभोवतीची हवा तापून उंच धुराड्यातून वर जाते, खालून थंड हवा येते. वीज गेली तरी चालतं. तिथे ते काही दशकं थंड होत बसणार. त्यानंतर कुठे, हे ठरवायला अजून वेळ आहे, म्हणून कोणी ठरवत नाही. तुमच्या रागाचा हा भाग मी खोडू शकत नाही. "अवकाशात पाठवू" म्हणणाऱ्यांवर माझा राग आहे तो याच कारणाने. खडक निवडायचा तर तालुका निवडावा लागतो, तिथल्या लोकांसमोर बसावं लागतं. अवकाशात ग्रामसभा नसते.

"बाई, तुम्ही स्वतः बोईसरला राहता. तारापूर तिथून हाकेच्या अंतरावर. भीती वाटत नाही का, खरं सांगा."
— एक वाचक, नाशिक

हाकेच्या नाही, रिक्षाने जेमतेम अर्धा तास. पहिल्या दोन भट्ट्या १९६९ पासून चालू झाल्या, मी इथे आले त्याआधीच. काचेच्या डब्यांची भीती वाटत नाही. ते कुठे आहेत, किती आहेत, हे कोणीतरी रोज वहीत लिहितं.

माझी भीती वेगळी आहे. आमच्या बाजूला मोठी औद्योगिक वसाहत आहे, रसायनांची. काही वर्षांपूर्वी पहाटे शाळेला निघाले, तर नाक्याच्या पुढे एक टँकर नाल्याला पाठ करून उभा होता, नळी खाली सोडलेली. मला बघून ड्रायव्हरने दिवे लावले आणि गाडी काढली. पाणी तांबूस झालं होतं. पाऱ्याला, आर्सेनिकला अर्धआयुष्य नसतं. तीस वर्षांनी निम्मे होत नाहीत, तीस हजार वर्षांनीही नाहीत. त्या टँकरमध्ये काय होतं ते मला कधी कळलं नाही. नंबर घेतला होता, पण अंधारात शेवटचे दोन आकडे राहिले.